मेंढवाड्यापर्यंतची खाजगी सहल

बोर्घिल्ड हेन्रिकसेन यांना रोज संध्याकाळी घरातून मेंढवाड्यात जायचे असते. घर आणि मेंढवाडा यांच्यामध्ये एक अंगण आहे. अंगणावर आकाश आहे. यातली पहिली दोन वाक्ये शेती विभागाकडे येतात आणि तिसरे पर्यटन विभागाकडे. पुढचा सगळा घोळ त्यातून झाला. कुणाच्याही मनात पाप नव्हते.

बोर्घिल्डमावशी माझी शेजारीण. प्रार्थनाघरात आम्ही दोघी एकाच बाकावर बसतो. नवरा गेल्यापासून तिला मेंढ्यांचीच सोबत. शहरातला भाचा दर नाताळात तिला आपल्या इमारतीतली रिकामी खोली दाखवतो आणि म्हणतो, "मावशी, आता पुरे." त्याला गप्प करण्यासाठी तिने एकदा शब्द देऊन टाकला, "मेंढ्या गेल्या की मी आलेच." मावशी शब्दाची पक्की. त्यामुळे भाचा तेव्हापासून तिच्या तब्येतीऐवजी मेंढ्यांच्या तब्येतीची चौकशी करतो.

आमच्याकडे हिवाळ्यात आकाशात हिरवा उजेड नाचतो. जगात त्याला बरीच शास्त्रीय नावे आहेत. आम्ही नुसते 'उजेड' म्हणतो, कारण डिसेंबरात दुसरा कुठला उजेड नसल्यामुळे गैरसमज होत नाही. तो आला की काय करायचे, हे स्टाल्नेस गावात प्रत्येकाला चालायला लागायच्या आधी शिकवतात. टोपी कानांवर ओढायची. शीळ घालायची नाही, हातवारे करायचे नाहीत. बोलणे थांबवायचे आणि मान खाली घालून आपल्या कामाला लागायचे. त्याच्याकडे टक लावून बघणे म्हणजे मोठ्या माणसांच्या बोलण्यात तोंड घालणे. चिडवले तर तो खाली येतो आणि माणसाला उचलून नेतो, असे म्हातारी माणसे सांगत. मी कुणाला उचलून नेलेले पाहिलेले नाही. पण आमच्यापैकी कुणी त्याला चिडवलेलेही नाही. तेव्हा पद्धत यशस्वी आहे, असेच म्हणावे लागते.

मग बाहेरची माणसे तो मुद्दाम बघायला येऊ लागली. त्यांच्यासाठी 'उत्तरप्रभा' नावाची कंपनी निघाली. तिच्याकडे गाड्या, गरम पोशाख, शेकोट्या आणि मार्गदर्शक आले. उजेड आमच्याकडे आधीपासून होता. आता त्याला वेळापत्रकही आले. हे सारे बरेच चालले होते. पण मागच्या हिवाळ्यात एका पाहुण्याने तक्रार केली. देश सांगत नाही, पाहुणा देवाचा असतो. तक्रारीत म्हटले होते की, सदर पाहुण्याने खाजगी सहल घेतलेली असताना, उजेड ऐन भरात आला त्या वेळी एक वयस्कर स्त्री बादली घेऊन त्याच उजेडाखालून चालत गेली. तिने त्याचे पैसे भरले होते काय? नसल्यास तो उजेड खाजगी कसा?

तक्रार यॉस्टाइनकडे आली. यॉस्टाइन आमच्या पालिकेचा व्यवसाय-विकास अधिकारी. आमच्याच गल्लीत वाढला, त्यामुळे कुणीही त्याला अरे-तुरे करते. स्वभावाने गरीब. त्याचा दोष एवढाच की समोर आलेला कुठलाही प्रश्न त्याला रास्त वाटतो. प्रश्न विचारणाऱ्याने टाय बांधला असेल तर फारच.

रीतसर हरकती व सूचना मागवण्यासाठी शाळेच्या सभागृहात सभा झाली. कॉफी होती. वॅफल होते, त्यांवर तपकिरी चीज होते. इथे एक गोष्ट सांगायला हवी. आमच्या गावात सभेत हरकत घ्यायची पद्धत नाही. कुणीतरी राबून वॅफल केलेले असतात. ते खात खात 'नाही' म्हणणे बरे दिसत नाही. हरकत आम्ही सभेनंतर, बाहेर गाडीच्या काचेवरचा बर्फ खरवडताना घेतो.

"मला एकच विचारायचंय," यॉस्टाइन म्हणाला. "तुम्ही लोक उजेड बघता का?"

पेदर-आन्तोन म्हणून आमच्याकडे एक जुना मच्छीमार आहे. तो म्हणाला, "आम्ही कशाला बघू? बघायचा नसतोच मुळी."

"म्हणजे तुम्हाला त्याची गरज नाही."

"गरज कसली आलीय? लहानपणी एकदा बघितला तर आईनं कानशिलात ठेवून दिली होती."

यॉस्टाइनने लिहून घेतले, 'स्थानिक रहिवाशांना दर्शनाची गरज नाही. प्रतिबंध पूर्वापार अस्तित्वात असून त्याची अंमलबजावणी कठोर होती.' मग त्याने मान वर करून विचारले, "संध्याकाळच्या वेळी उजेडाखाली विनाकारण वावर कमी करावा, असा प्रस्ताव आहे. कुणाची हरकत?"

कोपऱ्यातून फक्त चमचा पडल्याचा आवाज आला. प्रस्ताव एकमताने मंजूर झाला.

बाहेर बर्फ खरवडताना पेदर-आन्तोन म्हणाला, "काय मंजूर केलं गं आपण आत?"

"देव जाणे," मावशी म्हणाली. "वॅफल मात्र छान होते."

"जॅम कमी होता," तो म्हणाला. हीच काय ती त्या नियमावरची हरकत. तीसुद्धा नोंदली गेली नाही.

नियम आला तो असा : निरभ्र आकाश असेल त्या दिवशी, अंधार पडल्यापासून शेवटची सहल परत येईपर्यंत, दर्शनक्षेत्रात अधिकृत मार्गदर्शकाविना उघड्यावर कुणीही आढळू नये. डॉक्टर, टपालवाला आणि बर्फ उपसणारी गाडी यांना सूट. कुणी आपल्या मुलाला बोटाने वर दाखवून "ते बघ" असे म्हटल्यास ते विनापरवाना मार्गदर्शन समजण्यात येईल. 'अंधार पडल्यापासून' या शब्दांत काही वाईट नाही. फक्त आमच्याकडे अंधार नोव्हेंबरात पडतो तो जानेवारीत उठतो. मध्ये दुपारच्या जेवणाच्या सुमाराला जरा फटफटते, एवढेच.

मावशी त्या फटफटण्याच्या वेळात पालिकेत गेली. सोबतीला मी होते.

"यॉस्टाइन, मेंढ्यांना वैरण कशी घालू रे आता?"

"वैरण घालायला पूर्ण मुभा आहे, मावशी. शेती विभागानं तसं लेखी कळवलंय."

"आणि मेंढवाड्यापर्यंत जाऊ कशी?"

"तो वेगळा विषय आहे."

"उडत जाऊ?"

यॉस्टाइनने खरोखर विचार केला. "उडण्याला जास्त हरकत येईल. ते सरळ आकाशातच मोडतं."

मग त्याने जीव तोडून मार्ग शोधले. खोटे कशाला बोलू. घरापासून मेंढवाड्यापर्यंत छप्पर घालता आले असते, पण बांधकामाच्या परवानगीसाठी जागेची पाहणी लागते आणि जमीन दिसत नसताना पाहणी होत नाही. जमीन जूनमध्ये दिसते. मावशीने घोड्यासारखी झापडे लावून अंगण ओलांडावे, हे त्याने सुचवले; पण झापडे लावून बर्फावर चालणे सुरक्षा विभागाला मंजूर नव्हते. मेंढ्यांनी दिवसातून एकदाच, दुपारी जेवावे, हाही एक विचार पुढे आला.

"ते तूच त्यांना सांग," मावशी म्हणाली. "माझं त्या ऐकत नाहीत."

"नाहीतर मेंढ्या विकून टाकल्यास तर प्रश्नच मिटतो," यॉस्टाइन हळूच म्हणाला. त्याच्या तोंडून मला भाच्याचा आवाज ऐकू आला. नंतर कळले, भाच्याने खरेच फोन केला होता.

मावशीने हातमोजे काढले, नीट घडी करून मांडीवर ठेवले आणि बसून राहिली. आमच्याकडे याला आरडाओरडा म्हणतात.

यॉस्टाइनला घाम फुटला. "एक मार्ग आहे," तो म्हणाला. "नियमात 'मार्गदर्शकाविना' असं आहे. म्हणजे मार्गदर्शक बरोबर असेल तर तू खुशाल बाहेर पड. तू सहल घे."

"कसली?"

"उजेड बघायची. मार्गदर्शकासह. समूहाची गाडी धक्क्यावरून निघून पलीकडच्या खाडीत जाते. तुला तुझ्याच अंगणात जायचंय, म्हणजे खाजगी घ्यावी लागेल."

किंमत ऐकून मावशीने हातमोजे पुन्हा घातले. "गावातल्या माणसाला काही सवलत?"

"आहे तर! निम्मी किंमत. मे ते जुलै."

"अरे, तेव्हा तर रात्रभर सूर्य असतो."

"म्हणून तर परवडतं," यॉस्टाइन म्हणाला.

अशा रीतीने बोर्घिल्ड हेन्रिकसेन यांनी आपल्या घरातून आपल्या मेंढवाड्यात जाण्यासाठी उजेड बघायची खाजगी, मार्गदर्शित सहल घेतली.

मार्गदर्शक आला तो पोर्तुगालचा होता. नाव दुआर्ते. तिशी ओलांडलेला, सभ्य, आणि कंपनीकडे जेवढे गरम कपडे होते तेवढे सगळे एकदम घातलेला. त्याने दार वाजवले आणि पाठ केलेले म्हणायला सुरुवात केली, "उत्तरेत आपलं स्वागत असो! आपण कुठून आलात?"

"स्वयंपाकघरातून," मावशी म्हणाली.

तिने मेंढवाड्याकडे बोट दाखवले. दुआर्तेने दिलगिरी व्यक्त केली. सहल म्हणजे प्रवास. कंपनीच्या नियमाप्रमाणे ग्राहकाला दारातून उचलून, उजेडाचा पाठलाग करत, किमान खाडीच्या टोकापर्यंत न्यावेच लागते. मावशीच्या दोन स्वेटरांवर त्याने कंपनीचा पोशाख चढवला. त्यात तिला वाकता येईना. तशीच तिला उचलून गाडीत ठेवली आणि गाडी मेंढवाड्याच्या दारावरूनच पुढे निघाली. आतून मेंढ्या ओरडल्या.

"भुकेल्या आहेत रे," मावशी म्हणाली.

"डावीकडे आपल्याला स्थानिक वन्यजीवांचे आवाज ऐकू येतील," दुआर्ते म्हणाला. ते त्याच्या पाठांतरात त्याच जागी होते.

खाडीच्या टोकाला शेकोटी झाली. रेनडिअरच्या मांसाचे सार झाले. लाकडी पेल्यात लाल बोरांचे गरम सरबत आले. तसले सरबत मावशी फक्त ताप आल्यावर पिते. मग दुआर्तेने उजेडामागचे शास्त्र सांगितले. सूर्यावरून बारीक कण सुटतात आणि इथे येऊन पेटतात.

"सूर्य तर इथं नसतो या दिवसांत."

"तो लांबूनच पाठवतो."

"स्वतः यायला काय होतं त्याला?" मावशी म्हणाली. पाठांतरात याचे उत्तर नव्हते.

तेवढ्यात उजेड आला. डोंगरामागून वर चढला, सबंध खाडीवर पसरला. दुआर्ते ओरडला, "बघा! बघा!" मावशीने टोपी कानांवर ओढली, मान खाली घातली आणि हात जोडून गप्प उभी राहिली.

"वर बघा ना, बाईसाहेब! मला फोटो काढायचाय."

"हळू बोल. आमच्यात बघत नाहीत."

"पण ही बघायचीच सहल आहे!"

"तुझी असेल. माझी मेंढवाड्याची आहे. झालं का तुझं? मेंढ्या थांबल्यात."

परत आल्यावर दोघे मेंढवाड्यात गेले. दुआर्तेला जावेच लागले, मार्गदर्शकाविना ग्राहक सापडला असता. आत मेंढ्यांच्या अंगाची ऊब होती. उत्तरेत आल्यापासून दुआर्तेला पहिल्यांदाच स्वतःची बोटे जाणवली. त्याने न सांगता वैरणीची पेंढी सोडली आणि मेंढ्यांपुढे पसरली. उल्ला नावाच्या म्हाताऱ्या मेंढीने त्याच्या हातमोज्याची चव घेऊन बघितली आणि त्याला पसंत केले.

निघताना त्याने नियमाप्रमाणे विचारले, "आपण उजेड पाहिलात का?"

मावशी खोटे बोलत नाही. "नाही," ती म्हणाली.

दुआर्तेचा चेहरा उतरला. "मग हमीचं कलम लागू होतं. उजेड न दिसल्यास, कारण काहीही असो, पुढची सहल मोफत."

"म्हणजे उद्या पुन्हा?"

"मोफत."

"आणि उद्याही नाही दिसला तर?"

"तर परवा."

मावशीने थोडा वेळ उल्लाच्या कानामागे खाजवले. मग एखादे व्रत घ्यावे तसे शांतपणे म्हणाली, "नाही दिसणार मला तो."

यात काही लबाडी आहे का, हे मी आमच्या उपदेशकांना विचारले. ते म्हणाले, खोटे बोलणे पाप आहे, न बघणे पाप नाही. उलट जगातली बरीच पापे बघण्यातूनच होतात. मग माझ्या मनावरचे दडपण गेले आणि मीही सहल घेतली.

त्याचे असे झाले की, बातमी लपत नाही. पेदर-आन्तोनला जाळी विणायला नावेच्या शेडमध्ये जायचे असे, त्याने घेतली. कुणाला शेजारी वाटीभर साखर मागायला जायचे होते, कुणाला सौनाच्या वाफेत बसायला. पहिले पैसे सगळ्यांनी भरले आणि पुढे हमीवर चालू राहिले. मी स्वतः बुधवारी खाजगी सहलीने प्रार्थनाघरात जात असे. प्रार्थनाघर माझ्या घरासमोर आहे. पोशाख, पाठलाग, शेकोटी, सार, सरबत, मग स्तोत्रे. इतके सार पोटात गेल्यावर उंच सूर लागत नाही, ही एक अडचण सोडली तर भक्तीत खंड पडला नाही. सहलीच्या शेवटी आम्हा सगळ्यांचे उत्तर एकच, "नाही."

कंपनीचे सगळे मार्गदर्शक आम्हालाच इकडून तिकडे नेण्यात गुंतले. ज्यांच्यासाठी नियम झाला ते परदेशी पाहुणे हॉटेलच्या दिवाणखान्यात पोशाख घालून वाट बघत बसले. पालिकेच्या अहवालात मात्र सुखाचे दिवस आले. सहलींची संख्या विक्रमी, स्थानिकांचा सहभाग संपूर्ण. दक्षिणेत कुठेतरी एका समारंभात यॉस्टाइनला काचेची रेनडिअर बक्षीस मिळाली. येताना तिचे एक शिंग मोडले, पण त्याने ती टेबलावर ठेवली.

समाधानाचा आकडा तेवढा शून्य होता. तो का, हे बघायला ओस्लोहून विल्डे नावाची सल्लागार बाई पाठवण्यात आली. तिच्या पायांत शहरातले बूट होते, त्यामुळे पहिले काही दिवस तिने गाव बहुतांशी बसून पाहिले.

"मी असं कुठंच बघितलेलं नाही," ती आम्हाला म्हणाली. "तुम्ही रोज येता. रोज निराश होता. तरी दुसऱ्या दिवशी पुन्हा येता!"

"श्रद्धा म्हणतात त्याला," पेदर-आन्तोन म्हणाला.

विल्डेने निष्कर्ष काढला की, लोकांना उजेडाची ओढ अफाट आहे, पण मान वर करण्याची क्षमता विकसित झालेली नाही. पालिकेने मान वर करण्याची कार्यशाळा घेतली. व्यायाम शिकवणारी बाई आली. कॉफी आणि वॅफल असल्यामुळे आम्ही सगळे गेलो आणि सांगितले ते सगळे केले. मावशीची जुनी मानदुखी पार गेली. संध्याकाळी तीच मान तिने पूर्वीपेक्षा सहज खाली घातली.

याच सुमारास हॉटेलमधल्या पाहुण्यांनी खिडकीतून एक दृश्य पाहिले. हिरव्या आकाशाखाली, एकसारख्या पोशाखांत, टोप्या कानांवर ओढून, माना खाली घालून, एक अक्षर न बोलता माणसे चालली आहेत. एकीच्या हातात बादली, एकाच्या खांद्यावर जाळे. पाहुणे काचेला चिकटले. फोटो निघाले, ते जगभर गेले. विल्डेचा दुसरा अहवाल दोन ओळींचा होता : उजेड सगळ्या उत्तरेत दिसतो. न बघणारे लोक फक्त स्टाल्नेसमध्ये दिसतात.

नवी सहल सुरू झाली. आता पाहुण्यांच्या गाड्या आमच्या रस्त्यावर येऊन थांबू लागल्या. पाहुणे आकाशाकडे पाठ करून रांगेत उभे राहत आणि मार्गदर्शक दबक्या आवाजात त्यांना बजावत, "शीळ घालू नका. हातवारे करू नका. टक लावून बघितलेलं त्यांना आवडत नाही." सगळ्यांत मागणी बोर्घिल्डमावशीला. ती वैरण घालते ते पाहण्यासाठी मेंढवाड्याचे दार उघडे ठेवावे, असा आदेश निघाला.

"खरी आहे का ती?" एका बाईने एकदा दुआर्तेला विचारले.

"खरी आहे," दुआर्ते म्हणाला. "पण लवकर या असं सांगेन. मेंढ्या म्हाताऱ्या झाल्यात."

मावशीने सगळे सोसले. मेंढ्यांना वेळेवर वैरण मिळत होती. तिला दुसरे काही नको होते.

मग फेब्रुवारीतली ती संध्याकाळ आली. त्या दिवशी उजेड लाल झाला. माझ्या उभ्या जन्मात असा झाल्याचे मला आठवत नाही; मी पाहिला नाही, पण पायाखालचा बर्फ लाल झाला, बादलीतले पाणी लाल झाले, हातमोज्यांच्या शिवणीसुद्धा लाल दिसू लागल्या. आम्ही सगळ्यांनी माना आणखी खाली घातल्या. पाहुणे आमचे फोटो काढत होते, कारण लाल बर्फावर आम्ही फार उठून दिसत होतो.

दुआर्ते मेंढवाड्याच्या दारात कॅमेरा घेऊन उभा होता, तोंड आत. "मावशी," तो कुजबुजला, "वर काहीतरी फार मोठं चाललंय गं."

"कळतंय मला. पेंढी धर."

"एकदा बघ ना."

"मी बघितलं तर उद्यापासून या उपाशी. तू बघ की. तुला कुणी धरलंय?"

"मला नाही बघता येत," दुआर्ते रडवेला होऊन म्हणाला. "माझं काम तुझ्याकडे बघायचं आहे."

दुसऱ्या दिवशी यॉस्टाइनने चौकशी केली. कंपनीला जाहिरातीसाठी निदान एक प्रत्यक्षदर्शी हवा होता. गावकऱ्यांनी पाहिला नव्हता. पाहुण्यांकडे आमचे फोटो होते. मार्गदर्शक कामावर होते. खुद्द यॉस्टाइन कचेरीत बसून त्याच संध्याकाळचा अंदाज-अहवाल लिहीत होता. गेल्या कित्येक वर्षांतला सर्वांत मोठा उजेड येऊन गेला होता. उपस्थिती विक्रमी होती आणि दर्शन शून्य.

कंपनीचे वकील मात्र चिकाटीचे. त्यांनी सगळे फोटो मोठे करून पाहिले. एका फोटोत मावशी वाकली होती, आणि तिच्या मागे उल्ला तोंड वर करून उभी होती. उल्लाच्या डोळ्यात लाल ठिपका होता.

यॉस्टाइन स्वतः मावशीकडे आला. टोपी हातात घेऊन म्हणाला, "मावशी, वाईट वाटून घेऊ नकोस. तुझी सहल मेंढ्यांसाठी होती, हे तूच दरवेळी सांगितलंस. म्हणजे मेंढ्या सहलीच्या लाभार्थी. लाभार्थीनं उजेड पाहिला. हमी संपली."

मी मध्येच म्हणाले, "अरे, मेंढीला विचारलंत का, पाहिलास का म्हणून?"

"विचारलं."

"मग?"

"तिनं हरकत घेतली नाही."

आमच्या गावची रीत उल्लाने पाळली होती.

तो गेल्यावर भाच्याचा फोन आला. त्याला कुठून कळले कुणास ठाऊक. "मग मावशी? आज आकाश निरभ्र आहे म्हणतात. मेंढ्या गेल्यातच जमा ना? खोलीला रंग कुठला लावू?"

"मागाहून सांगते," मावशी म्हणाली आणि तिने फोन ठेवला. बाहेर सूर्य होता. फेब्रुवारीतला कोवळा, डोंगराच्या कडेला जेमतेम टेकलेला, पण कायदेशीर. तिने अंगात कोट घातला, मेंढवाड्यात गेली आणि दावणी सोडल्या. पुढे मावशी, मागे उल्ला, तिच्यामागे बाकीच्या, अशी सगळी मिरवणूक अंगण ओलांडून स्वयंपाकघरात शिरली. शेवटच्या मेंढीमागून मी दार लावून घेतले. वैरण आम्ही दोघींनी अंधार पडायच्या आत वाहून आणली आणि बैठकीच्या खोलीत छतापर्यंत रचली.

पालिकेची तक्रार उरली नाही. मावशी उघड्यावर येत नाही. राहत्या घरात जनावरे ठेवणे आरोग्य विभागाच्या कक्षेत येते, आणि आरोग्य निरीक्षक येतो दूरच्या गावाहून. तो पोहोचेपर्यंत अंधार पडतो आणि त्याला गाडीतून उतरायला मार्गदर्शक लागतो. भाच्याला कळवले आहे की मेंढ्या गेल्या नाहीत, जवळ आल्या. दुआर्ते नोकरी सोडून चुलीजवळ बसतो. उल्ला त्याच्या पायांवर झोपते.

मेंढवाडा रिकामा पडल्यामुळे सहल आता स्वयंपाकघराच्या खिडकीशी येते. संध्याकाळी काचेला नाके लागतात. मावशीने पहिल्यांदा पडदा ओढला होता, पण त्याने आतली ऊब कोंडते आणि मेंढ्या धापा टाकतात. म्हणून तिने पडदा काढला आणि दिवा मालवला. ती अंधारातच जेवते. बटाटे असतात आणि उकडलेला मासा.

तुम्ही कुठल्या गाडीने आलात, ठाऊक नाही. इतका वेळ तुम्ही फार शांतपणे उभे राहिलात, तिचे घर, तिच्या मेंढ्या, तिचे जेवण सगळे नीट पाहिलेत, आणि मीही तुम्हाला ते परवान्याशिवाय दाखवत बसले. आता एक विनंती करते. जरा बाजूला व्हा. तुमची सावली तिच्या ताटात पडते आहे. खोलीत दिवा नाही आणि चंद्रही अजून उगवलेला नाही, तरी सावली चांगली काळीभोर पडली आहे. म्हणजे तुमच्या पाठीमागे काहीतरी मोठे पेटले असणार. पण तुम्ही कशाला वळता? तुम्हाला तर इथून सगळे छान दिसते आहे.